पागोळ्यांखाली

सेंट मार्टिनच्या सणानंतरचा सोमवार

पेरनेतला टेकडीवरून सिबीलचा नमस्कार. तुझ्या थोरल्या बहिणीचा, ओळख विसरली असशील तर.

फादर बेरार, हे पत्र तुम्हीच तिला वाचून दाखवणार, कारण शावानमध्ये अक्षर ओळखणारे तुम्ही एकटेच. तेव्हा तुम्हालाही नमस्कार. एक विनंती आहे. जिथे तुम्हाला पटणार नाही तिथे खोकून पुढच्या ओळीवर जाऊ नका. प्रवचनातला तुमचा तो खोकला आम्ही दोघी लहानपणापासून ओळखून आहोत.

पेरनेत, तू मला उंबऱ्याबाहेर काढलंस त्याला या थंडीत तीन वर्षं होतील. "माझ्या डोळ्यांसमोर येऊ नकोस," म्हणालीस आणि मी आले नाही. कुणाचं सांगणं मी इतकं नीट पाळल्याचं मला आठवत नाही. आई असती तर तिला नवल वाटलं असतं.

लिहायला मी इथेच शिकले. शिकवणारी ओदीन माई. इथले लोक तिला भिंतीतली माई म्हणतात. आपल्या गावातही तिचं नाव पोचलं असेल. चर्चच्या उत्तरेच्या भिंतीला लागून एक खोली आहे. तरुण असताना ती त्या खोलीत गेली, मेलेल्या माणसासाठी म्हणतात त्या प्रार्थना तिच्यासाठी म्हटल्या आणि मागून दार दगडांनी बुजवलं. आता तिला दोन खिडक्या आहेत. एक चर्चमध्ये उघडते, वेदी दिसावी म्हणून. दुसरी बाहेर, माझ्याकडे, तिच्यावर काळा पडदा. मी त्या पडद्याखालून वाटाण्याचं सूप आत सरकवते, रात्रीचं भांडं बाहेर घेते, आणि मेणाच्या पाटीवर अक्षरं गिरवून दाखवते. तिचा चेहरा मी अजून पाहिलेला नाही. आवाज ओळखते आणि हात. आत एक मांजर आहे, ते मात्र दोन्हीकडे येऊन जाऊन असतं, त्यामुळे त्याला माझ्यापेक्षा जास्त माहिती आहे.

आता कामाचं बोलते. तुझा मुलगा कुठे आहे ते मला माहीत आहे.

त्या दिवशीचं जोसरांनं तुला किती सांगितलं कोण जाणे. तुझा नवरा पिंपं आणि बादल्या घडवणारा माणूस, लाकडाशी बोलेल तेवढं माणसाशी बोलत नाही. तू बाळंतीण, चाळीस दिवस घराबाहेर पाऊल टाकायचं नाही, म्हणून त्याच्याबरोबर मी आले. पोर जन्मतःच गेलेलं होतं. जोसरांनं एका नव्या बादलीला झाकण बसवलं होतं, आत गवत घातलं होतं, आणि ती बादली तो छातीशी धरून बर्फातून चालत होता. मी घेते म्हटलं तर ऐकेना.

टेकडीवर काय करतात ते सगळ्या मुलखाला माहीत आहे. बाळाला वेदीसमोर निखाऱ्यांच्या उबेला ठेवतात, ओठांवर पीस ठेवतात. पीस हललं तर श्वास आला असं धरायचं. मग त्या घटकेपुरता बाप्तिस्मा होतो, नाव मिळतं, चर्चच्या आवारात जागा मिळते. दोन बायकांनी शपथेवर सांगावं लागतं, टेकडीवरची एक आणि घरची एक. टेकडीवरची म्हातारी म्हणाली, "हललं." मग सगळे माझ्याकडे बघायला लागले. जोसरांही बघत होता.

मी म्हणाले, नाही हललं.

ते हललं नव्हतं, पेरनेत. आज विचारलंस तरी हेच सांगेन. म्हातारीच्या डोक्यावरचं फडकं हलत होतं, मेणबत्ती हलत होती, माझे हात हलत होते. पीस नाही.

तुझ्यापर्यंत एवढंच पोचलं की सिबीलनं नाही म्हटलं. फादर, तुम्ही तिला सांगितलं असेल की बाप्तिस्म्याविना गेलेलं बाळ अंधारात आहे, पण त्याला दुखत नाही. तुम्ही चांगल्या मनानं सांगितलं असेल. तो खरोखर कुठे आहे ते मी या पत्रात लिहू शकत नाही, कारण तुम्ही वाचता आहात आणि तुम्हाला वरच्यांना कळवावं लागेल. पेरनेत, तू ये. ईस्टरच्या आत ये. चर्चच्या भिंतीचं काम निघालं आहे, मग जागा आहे तशी राहणार नाही.

मला घरात घेऊ नकोस, बोलू नकोस. येऊन बघून जा.

सिबील


सेंट लुसीचा दिवस

पेरनेत,

मीठवाला शपथ घेऊन सांगतो की पत्र त्यानं फादरांच्याच हातात दिलं. तुझं उत्तर नाही. उत्तर लिहायचं तर तुला फादरांना सांगावं लागणार, तेही मी समजू शकते. तरी मीठवाल्याची गाडी चढाला लागली की मी हातातलं काम टाकून वळणापर्यंत जाते. तो आता मला लांबूनच मान हलवून नाही म्हणतो, म्हणजे मला तेवढं चालावं लागत नाही. भला माणूस आहे.

भिंतीच्या कामाचं सांगते. शहरातल्या लोकरवाल्याची विधवा, कोलोंब बाई, हिनं चर्चला पन्हळ द्यायचं ठरवलं आहे. छपराच्या कडेनं शिशाची पन्हळ, कोपऱ्यावर सिंहाचं तोंड, सगळं पाणी त्या तोंडातून खाली हौदात. आज छपराचं पाणी सरळ भिंतीच्या पायाशी पडतं. भिंत हिरवी झाली आहे, आणि त्या भिंतीला लागून माईची खोली. मागच्या थंडीपासून तिचा खोकला हटत नाही. मी जवसाचं पोटीस करून देते, मध देते. ती मध मांजराला चाटवते असा मला संशय आहे.

कोलोंब बाई आली, पडद्यासमोर गुडघे टेकून बसली. मी सूपाचं भांडं घेऊन मागेच होते.

"माई, सगळं पाणी तुमच्या अंगावर येतं. माझ्या नवऱ्याच्या आत्म्यासाठी मी पन्हळ बसवून देते."

"त्याच्या आत्म्याला पन्हळ कशाला?" आतून आवाज आला.

"म्हणजे पुण्य लागेल ना त्याला."

"मग खालच्या ओढ्यावर पूल बांध. तिथे दरवर्षी माणूस वाहून जातं."

"बांधला असता हो. पण त्या ओढ्यावर नाव कोण वाचणार? इथे कशी चार गावची माणसं येतात."

माई इतकी हसली की हसता हसता तिला खोकल्याची उबळ आली, आणि ती उबळ थांबेपर्यंत कोलोंब बाई आणि मी एकमेकींकडे बघत राहिलो. मग माई म्हणाली, "नको बाई. पाणी पडतं तसं पडू दे." टेकडीचे फादर म्हणतात, खोली तिची, तिच्या होकाराशिवाय तिच्या भिंतीला कुणी हात लावायचा नाही. ती आजारानं बोलू शकत नसेल तर तिच्या वतीनं मी बोलायचं, असा इथला नियम आहे. कोलोंब बाई म्हणाली, ती ईस्टरपर्यंत थांबेल. तोवर माई हो तरी म्हणेल, नाही तर आणखी काही होईल. "आणखी काही" म्हणताना तिनं छातीवर क्रूस काढला. बाई वाईट नाही, तिला घाई आहे एवढंच.

माई का नको म्हणते ते मला माहीत आहे. तुला सांगता येत नाही.

एक गोष्ट लिहिते, ती फादरांनी ऐकली तरी चालेल. त्या दिवशी माई तिच्या आतल्या खिडकीशी होती. वेदी तिच्या समोरच. पीस तिनंही पाहिलं. तीन वर्षं मी तिच्याशी रोज बोलते, माझं सगळं तिला माहीत आहे, जोसरां मला आधी आवडायचा हेसुद्धा. पण पीस हललं का, हे मी तिला विचारलेलं नाही. ती हो म्हणाली तर मी काय करू? मला इथे दुसरं माणूस नाही.

सिबील


मेणबत्त्यांच्या सणाचा दुसरा दिवस

पेरनेत,

आता लपवण्यासारखं राहिलं नाही. बर्फ वितळायला लागल्यावर रनो गवंडी भिंत मोजायला आला. परांचीचे वासे रोवायला त्यानं भिंतीच्या पायाशी दोन खड्डे घेतले. पहिल्यात दगड लागला. दुसऱ्यात कुदळ घातली आणि तो थांबला. खाली वाकून बघितलं, टोपी काढली, हातानंच माती परत लोटली. मग माझ्याकडे आला.

"इथे किती पोरं आहेत?"

"तुझ्या वाशांना जागा उरणार नाही इतकी."

"कुणी पुरली?"

"मी. माझ्या आधी माईची दुसरी सेवेकरीण होती, तिनं."

रनो दुपारी जेवताना माझ्या शेजारी येऊन बसला, त्याच्या भाकरीवरचं चीज त्यानं मला दिलं, आणि टेकडीच्या फादरांना जाऊन सांगितलं. फादर म्हणाले, त्यांची नजर आता अधू झाली आहे, त्यांना भिंतीपर्यंतचंच दिसतं. पण ते ऐकायला चार यात्रेकरू होते. म्हणजे आता सगळ्यांना माहीत झालं, मग तुलाच तेवढं का माहीत नसावं.

तुझा मुलगा उत्तरेच्या भिंतीशी आहे, वळचणीखाली.

जोसरां रिकामी बादली आणि तिचं झाकण घेऊन उतरून गेला. त्याला तिथे उभं राहवेना, मी त्याला दोष देत नाही. फडक्यात गुंडाळलेलं पोर मांडीवर घेऊन मी भिंतीशी बसले. आवारात पुरू देणार नाहीत, आणि आवाराबाहेर जमीन दगडासारखी गोठलेली. त्याला घेऊन कुठे जायचं तेच मला समजेना. तेव्हा पडद्याआडून आवाज आला. मला दचकायलाच झालं, भिंतीत माणूस आहे हे मी विसरूनच गेले होते.

"कोण बसलं आहे तिथे थंडीत?"

"जिनं नाही म्हटलं ती," मी म्हणाले.

"अच्छा. मग इथे वळचणीखाली खण. माझ्या शेगडीनं भिंत कोमट असते, इथली माती गोठत नाही."

"ही चर्चची जागा आहे. देतील का?"

"भिंत चर्चची आहे. छप्पर चर्चचं आहे. छपरावरून खाली पडणारं पाणी कुणाचं, हे मी अजून कुणाला विचारलेलं नाही. तूही विचारू नकोस. खण."

मी हातांनी आणि सूपाच्या पळीनं खणलं. पळी तिनंच पडद्याखालून दिली. मी खणत होते आणि छपरावरचा बर्फ माईच्या धुराड्याच्या उबेनं वितळून माझ्या मानेवर पागोळ्या पडत होत्या. त्याला आत ठेवलं तेव्हा त्याच्या कपाळावरही पडल्या. मी पुसायला गेले, तर माई म्हणाली, "पुसू नकोस."

पुढे पुष्कळ दिवसांनी मी तिला विचारलं, हा बाप्तिस्मा झाला का? फादर बेरार, आता खोकू नका. ती काय म्हणाली ते तिच्याच शब्दांत लिहिते.

"मला माहीत नाही. माहीत असल्यासारखं बोलणारे खूप आहेत, त्यांना विचार. मी आपली पडल्या पडल्या पागोळ्या ऐकते आणि म्हणते, देवा, तुझ्याच घराचं पाणी तुझ्याच पोरांवर पडतं आहे, यातलं काय धरायचं ते तू धर. सिबील, तुला त्या पोराची दया आली की नाही?"

"आली."

"मग देवाला आली नसेल का? तो तुझ्याहून कंजूष असेल तर मी इतकी वर्षं कुणाच्या घरात राहते आहे?"

आणि मग म्हणाली, सूप खारट झालंय.

म्हणून तिला पन्हळ नको आहे. पन्हळ बसली की सगळं पाणी सिंहाच्या तोंडातून हौदात. वळचणीखाली थेंब पडणार नाही.

त्याची नेमकी जागा, कोपऱ्यापासून कितवी, ती मी लिहीत नाही. ती तू आलीस की बोटानं दाखवेन. तेवढं एक माझ्याकडे राहू दे. तीन वर्षं मी ते तुझ्यासाठी सांभाळलं आहे.

फादर, बिशपसाहेबांच्या माणसांना कळवणं तुमचं काम असेल तर कळवा. आधी हे तिला शेवटपर्यंत वाचून दाखवा.

सिबील


राखेच्या बुधवारानंतरचा दुसरा रविवार

पेरनेत,

फादर बेरारांची चिठ्ठी आली. दोनच ओळी. "मी काही गाळलं नाही. तिनं शेवटपर्यंत ऐकलं आणि उठून गाईला चारा घालायला गेली." कुणाला कळवल्याचं त्यांनी लिहिलेलं नाही. फादर, मी तुमच्याबद्दल तीस वर्षं चुकीचं बोलत आले. तुमच्यासाठी अक्रोडाचं तेल मीठवाल्याबरोबर पाठवते आहे.

मला वाटलं होतं तू चिठ्ठीच्या मागून येशील.

माईला ताप भरला होता. बुधवारी सकाळी राख घेऊन फादर आतल्या खिडकीशी गेले तर ती कपाळ पुढे करायला उठलीच नाही. मी बाहेरून हाका मारल्या. आतून शब्द ऐकू येत होते, पण ते माझ्यासाठी नव्हते. ती तिच्या आईशी बोलत होती, कुठल्या तरी कोंबडीबद्दल.

पेरनेत, दार नाही. दगड आहेत. मी खिडकीतून खांद्यापर्यंत हात आत घातला आणि चाचपडत राहिले. हाताला आधी गार भिंत लागली, ओली. अशी ओली की बोटांना शेवाळं लागलं. मग मांजर लागलं. मग तिची बोटं, अंगार झालेली. मी ती धरून बसले. दुसरं काहीच करता येत नव्हतं. एका माणसाच्या घशात पाणी घालायचं तेवढंही मला करता येईना, आणि मी स्वतःला तिची सेवेकरीण म्हणवते.

रनो मागे उभा होता. म्हणाला, "या भिंतीत माई ही थंडी काढणार नाही. सांग, पन्हळ बसवू का?"

वतीनं बोलण्याचा अधिकार माझा. सगळे माझ्याकडे बघत होते, त्या दिवसासारखेच. मी म्हणाले, बसव.

ती मला नाही म्हणाली होती, ठणठणीत असताना, माझ्या समोर. ते मला पुरतं आठवत होतं. तुझा मुलगा कुठे आहे तेही आठवत होतं. पण माझ्या हातात तिची बोटं होती. मला ती हवी होती, पेरनेत. मी एकटी राहायला घाबरले. याहून मोठं कारण मी शोधून पाहिलं, मला सापडत नाही.

पाच दिवसांत पन्हळ चढली. सिंहाचं तोंड कुत्र्यासारखं झालं आहे. वळचणीखालची माती सुकून फिकी दिसायला लागली आहे. मी तिकडून जात नाही, लांबून वळसा घालते.

तुला जे दाखवायचं होतं ते मीच मोडलं. तरी ये.

सिबील


ईस्टरनंतरचा दुसरा आठवडा

पेरनेत,

माई वाचली. ताप उतरला, खोकला राहिला आहे पण पूर्वीसारखा नाही. भिंत अजून ओली आहे, पण हाताला शेवाळं लागत नाही.

शुद्धीवर आल्यावर पहिल्या पावसाच्या दिवशी तिला कळलं. सूप आत सरकवलं तर भांडं तसंच. आतून आवाज नाही. मी वाट बघत उभी. छपरावर पाणी वाजत होतं, हौदात धो धो पडत होतं, आणि आमच्या दोघींच्या मध्ये जिथे नेहमी टपटप ऐकू यायची तिथे काहीच नव्हतं.

"कुणी सांगितलं?" ती म्हणाली.

"मी."

"हं."

मग दोन दिवस ती माझ्याशी बोलली नाही. सूप घ्यायची, भांडं बाहेर द्यायची. पेरनेत, तुझी तीन वर्षं मी सोसली, पण ते दोन दिवस मला सोसवले नाहीत. तू लांब होतीस. ही हाताच्या अंतरावर होती. तिसऱ्या दिवशी मी पडद्याला तोंड लावून म्हणाले, "शिव्या द्या. रनोला सांगून काढून टाकते. पण बोला."

"काढू नकोस. शिसं महाग आहे आणि त्या बाईचा नवरा बिचारा वाट बघत असेल." मग थोड्या वेळानं, "मी घाबरले होते गं. ताप चढत होता तेव्हा. वाटलं, कुणी तरी भिंत कोरडी करावी. कुणाला सांगू नकोस."

आता तुला सांगितलंच. फादर, तुम्हालाही.

"मला वाटलं तुम्ही रागावलात," मी म्हणाले.

"रागावलेच आहे. तू मला विचारलं नाहीस म्हणून नाही. पाणी बंद करून तू लांबून वळसा घालत जातेस म्हणून. तुझी पावलं ऐकू येतात मला, सिबील. इतकी वर्षं पाणी आपोआप पडत होतं, मी नुसती पडून ऐकत होते आणि स्वतःला मोठी दयाळू समजत होते. आता ते आपोआप पडत नाही. हौदावर बादली आहे ना?"

"गळकी आहे."

"मग भरभर चाल."

तेव्हापासून सकाळचं सूप झालं की मी सिंहाच्या तोंडाखालच्या हौदातून बादली भरते आणि भिंतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत हातानं शिंपडत जाते. पाणी छपरावरूनच आलेलं, फक्त वाटेत माझ्या हातातून जातं. पहिल्या दिवशी मला फार लाज वाटली, कुणी बघेल म्हणून. आता बघतात. मागच्या आठवड्यात दोन बायका हात पुढे करून उभ्या राहिल्या. मी बादली त्यांच्याकडे दिली. त्यातली एक म्हातारी, तिच्या सुना मागे उभ्या होत्या. तिनं शिंपडताना एक नाव घेतलं, फार वर्षांपूर्वीच्या पोराचं असावं, कारण सुनांनी एकमेकींकडे बघितलं.

आमची बादली खरंच गळते. अर्धी वाट होईपर्यंत अर्धी रिकामी. जोसरांला म्हणावं, लाकूड कोणतं चांगलं एवढं तरी मीठवाल्याजवळ सांग. बोलायचं नसेल तर नको.

सिबील


सेंट जॉनच्या सणाच्या आदल्या दिवशी

पेरनेत,

तू परवाच येऊन गेलीस आणि मी पत्र लिहिते आहे, म्हणजे वेड्यासारखंच आहे. पण समोर असताना मला बोलता आलं नाही, आणि मीठवाल्याला परतायची घाई होती.

मी तुला चालीवरून ओळखलं. तोंड झाकून घेतलं होतंस, यात्रेतल्या बायकांमध्ये मिसळली होतीस. पण बादली तू डाव्या कमरेवर घेतेस, आईसारखी. मी हौदाशी होते. माझ्या हातातली गळकी बादली तशीच राहिली. तू माझ्याकडे बघितलं नाहीस, सरळ पडद्याकडे गेलीस. तू काय विचारणार ते मला कळलं होतं.

"माई, तुम्ही पाहिलं होतं ना? माझ्या मुलाच्या ओठांवरचं पीस हललं होतं का?"

तीन वर्षं मी जे विचारलं नाही ते तू आल्या आल्या विचारलंस.

"नाही, पोरी. नाही हललं."

"मग ही खरं बोलली."

"ही खरंच बोलते. म्हणून तर हिच्याबरोबर दिवस काढणं इतकं कठीण आहे."

तू हसलीस की रडलीस ते मला मागून कळलं नाही. कदाचित पडद्याआडून तिला कळलं असेल. तिनं बोटं बाहेर काढली आणि तू ती धरलीस, आणि मला, खरं सांगते, हेवा वाटला. तुमच्या दोघींचाही.

मग तू हौदाशी आलीस. कमरेवरची बादली खाली ठेवलीस. तेव्हा मी ती नीट पाहिली. झाकण नव्हतं, त्या जागी लोखंडी कडी बसवली होती, आतून गवताचे डाग घासून काढले होते. पण लाकूड तेच होतं. जोसरां ती छातीशी धरून बर्फातून चालत असताना मी दोन दिवस तिच्याकडे बघत होते, मी ती कुठेही ओळखेन.

"त्यानं दिली," तू म्हणालीस. "काही बोलला नाही. दारात आणून ठेवली."

तू भरलीस. मी कोपऱ्याकडे वळले, बोट उचललं. इतकी वर्षं ती जागा मी तुझ्यासाठी सांभाळली होती. तुला लिहिलेल्या प्रत्येक पत्रात ती लिहायची राखून ठेवली होती. आणि तू माझा हात खाली केलास. तीन वर्षांनी तू मला हात लावलास तो असा.

"सांगू नकोस. तू सांगितलंस तर बाकीच्यांना मी कमी घालेन."

आणि तू या टोकापासून त्या टोकापर्यंत गेलीस, सावकाश, सगळ्यांना सारखं. त्याच्यावरून तू पुढे गेलीस तेव्हा मी श्वास धरून उभी होते. तुला कळलं नाही. तुझा हात तिथेही तसाच फिरला, शेजारी फिरला तसाच.

मीठवाल्यानं हाक मारली. तू बादली हौदाशीच ठेवलीस, ओले हात परकराला पुसलेस, गाडीत चढलीस. पुन्हा येईन म्हणाली नाहीस. मी विचारलं नाही. वळणापर्यंत मी गाडीमागून आले, ते तुला दिसलं की नाही माहीत नाही.

सूप देताना माई म्हणाली, "हिला कुणी शिकवलं गं?" मी म्हणाले, मला माहीत नाही. "मलाही नाही," ती म्हणाली. मग तिनं भांडं परत दिलं. त्या दिवशी सगळं संपवलं होतं.

संध्याकाळी खालच्या गावात सेंट जॉनसाठी लाकडं रचत होते, त्यांचं गाणं वर ऐकू येत होतं. मी एकटीच पायरीवर बसले होते. फार वाटलं तू अजून इथे असतीस तर. जागा मला अजून माहीत आहे, आता ती फक्त मलाच माहीत आहे, आणि मी तिच्यावरून हात सारखा फिरवायला शिकते आहे. मला तुझ्याइतकं लवकर जमणार नाही.

फादर बेरार, तुम्ही हे वाचता वाचता थांबला असाल तर थांबा थोडं, हरकत नाही.

पेरनेत, आज सकाळी मी तुझ्या बादलीनं पाणी घातलं. जोसरांला सांग, ती गळत नाही.

सिबील